ली चांग-दोंग यांचा कोणता चित्रपट आधी दाखवावा?

मांडवी, रत्नागिरी:
मासेमारीबंदीच्या काळात आमच्या वाचनालयात दक्षिण कोरियाचे दिग्दर्शक आणि पटकथाकार ली चांग-दोंग यांचे चित्रपट दाखवण्याचे ठरत आहे. १९९७ ते २०१८ या काळात त्यांचे सहाच चित्रपट आले. त्यांतला आधी कोणता घ्यावा, आणि पटकथाकार म्हणून त्यांचे वेगळेपण कशात आहे, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

दापोली:
'पोएट्री' (२०१०) घ्यावा. कान महोत्सवात त्याच्या पटकथेला पुरस्कार मिळाला आहे. चित्रपटातल्या आजीचा नातू आणि त्याच्या मित्रांच्या अत्याचारामुळे एका मुलीने जीव दिलेला असतो आणि प्रत्येक घराने ५० लाख वोन भरून प्रकरण मिटवावे असे पालकांनी ठरवलेले असते. मुलीच्या आईची समजूत काढायला आजीला पाठवतात. वाटेत तिला जमिनीवर पडलेली जर्दाळू दिसतात, त्यांतले एक ती चाखते, आणि शेतात त्या आईची गाठ पडल्यावर फळांविषयी आणि पिकांविषयी मनापासून बोलून, आल्या कामाचा शब्दही न काढता माघारी वळते. काही पावले गेल्यावर तिला आठवते आणि ती थबकते. तिचा स्मृतिभ्रंश आणि तिची नव्याने जागी झालेली कवीची नजर हे दोन्ही धागे ली यांनी या एकाच प्रसंगात गुंफले आहेत.

वेंगुर्ले:
माझे मत 'पेपरमिंट कँडी'ला आहे. १९९९ मध्ये रेल्वेरुळावर उभा राहिलेला नायक तिथून मागे मागे जात १९७९ पर्यंत पोहोचतो, आणि मे १९८० मध्ये ग्वांगजू शहरातला लोकशाहीसाठीचा उठाव लष्कराने चिरडला तेव्हा तिथे सैनिक म्हणून गेलेला तो तरुण आपल्याला पुढे घडलेले सारे पाहून झाल्यावर भेटतो. परिणाम आधी कळल्यामुळे त्याचा निरागसपणा पाहवत नाही.

गुहागर:
ली मुळात शाळेतले शिक्षक आणि कथाकार. चित्रपटात ते चाळिशीच्या उंबरठ्यावर आले, तेही पटकथालेखक म्हणून. दिग्दर्शक पार्क क्वांग-सू यांच्या १९९३ च्या 'टु द स्टारी आयलंड'च्या लेखनात त्यांचा वाटा होता. त्यात वडिलांचे पार्थिव होडीने मूळ बेटावर आणणाऱ्या मुलाला बेटावरचे लोक कोरियन युद्धाच्या काळातल्या जुन्या वैरापायी उतरू देत नाहीत. मुंबईत वारलेल्या माणसाला गावीच न्यावे असा आग्रह धरणाऱ्या आपल्या घरांना त्यातले दुःख समजावून सांगावे लागणार नाही. 'ओएसिस'साठी २००२ मध्ये व्हेनिसला दिग्दर्शनाचा पुरस्कार मिळाल्यावर ते २००३-०४ मध्ये देशाचे संस्कृतिमंत्री होते. 'पोएट्री' आणि 'बर्निंग' यांच्यात तर आठ वर्षे गेली. तरीही प्रारंभ 'पोएट्री'नेच करावा. तो १३९ मिनिटांचा आहे, म्हणून खेळ लवकर ठेवावा आणि नंतर चर्चेला वेळ राखावा.