मदत हवी आहे: किलपेक चर्चचं कोरीवकाम नीट बघायचंय

इंग्लंडमध्ये हेरिफर्डजवळ किलपेकला जायचं ठरलंय, तिथलं चर्च ११४० च्या सुमाराचं आणि दक्षिण दरवाजाचं कोरीवकाम फोटोतच इतकं भारी दिसतं, वर जीवनवृक्ष, कमानीत ड्रॅगन, बाजूला साप, की बघतच राहावं. छपराखाली बाहेरून कोरलेले ८५ दगड शिल्लक आहेत, त्यातली कुत्रा-सशाची जोडी माझी फार लाडकी. पण ते उंचावर आहेत ना, मग दुर्बीण न्यावी की झूम लेन्स पुरेल? दरवाजावर ऊन तिरकं कधी पडतं, सकाळी का दुपारी? नक्षी तेव्हाच उठून दिसते. शिवाय याच शैलीतली बाप्तिस्म्याची दगडी कुंडं एर्डिस्ली आणि कॅसल फ्रोमच्या चर्चमध्ये आहेत, गाडी नसताना तीही बघणं जमेल का? कुणी गेलं असेल तर प्लीज सांगा.