सातवेल बेटांची पूर्व बाजू

तुमच्या कथेतल्या काल्पनिक सातवेलच्या नकाशात सगळी बेटं दोन्ही अंगांनी हिरवीगार रंगवलीत. मजकूर मात्र म्हणतो, पाऊस फक्त पश्चिमेकडून येतो आणि मधोमध उंच डोंगररांग आहे. हे काही जमत नाही. आम्ही बीडकर या विषयात पिढीजात तज्ज्ञ! ढग डोंगर चढताना थंड होतात, तिथंच रिकामे होतात. पलीकडं उतरणारी हवा तापून कोरडी पडते. महाबळेश्वरला वर्षाला ५००० मिलिमीटरच्या वर पाऊस, आमच्या आष्टी-पाटोद्याला त्याच्या आठव्या-दहाव्या हिश्श्यावर भागवावं लागतं.

बेटांवरही तेच. हवाईत वारा ईशान्येकडून येतो, म्हणून हिलो गावाला ३००० मिलिमीटरच्या वर आणि त्याच बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावर काही ठिकाणी ३०० सुद्धा नाही.

मग सातवेलची माणसंही बदलतील की. पश्चिमेला भात, पूर्वेला कोरडवाहू धान्य आणि शेळ्या. पूर्वेकडची जोडपी हंगामात पश्चिमेला राबायला जाणार, जसे आमच्याकडचे कोयते (नवरा-बायकोच्या मजूर जोड्या) ऊसतोडीला जातात. म्हणजे उचल (आगाऊ घेतलेली मजुरी) आली, मजूर गोळा करणारा मुकादम आला, मागं राहिलेली म्हातारी आणि लेकरं आली. सोयरीक जुळवताना पहिला प्रश्न पाण्याचा. तुमचा 'दोन कुळांमधला पुरातन शाप' यापुढं फिका आहे (तो तसाही जरा उसनाच वाटला).

बोटींचं वर्णन मात्र झकास. फक्त पूर्व किनाऱ्यावर एवढं जाडजूड सागवान कुठून आणलंत, तेवढं सांगा.