'घरगुती जेवण मिळेल': महामार्गावरचे तुमचे अनुभव

मुंबई-गोवा महामार्गावर ही पाटी दिसली की आमची गाडी बाजूला लागतेच. चकचकीत हॉटेलं मागे टाकून कुणाच्या तरी पडवीत जेवायला आपण का थांबतो? माझ्यापुरतं सांगते. तिथे मेनूकार्डाआधी पाण्याचा तांब्या येतो, त्या दिवशी घरात जे रांधलंय तेच पानात पडतं आणि पुढच्या प्रवासात पोट कुरकुरत नाही. तुमचेही अनुभव लिहा.

---

लेक नुकती जेवायला लागली होती. संगमेश्वरच्या पुढे एका घरी थांबलो. मी काही मागायच्या आत काकूंनी गरम भात ताटलीत काढला, वाटीच्या बुडाने मऊ केला, वर बिनफोडणीचं वरण आणि तूप घातलं. "तू जेव निवांत, हिला मी भरवते." अंगणातल्या कोंबड्या दाखवत सगळा भात भरवला. तान्ह्या मुलीबरोबरच्या प्रवासात मला गरम जेवण मिळालं ते तिथेच.

---

मी टुरिस्ट गाडी चालवतो. मोठ्या हॉटेलांत ड्रायव्हरला बहुतेक वेगळं बसवतात. खाणावळीत मी पॅसेंजरांच्याच पंगतीला असतो. मला त्याचं फार अप्रूप आहे.

---

जुलैत कणकवलीजवळ सुरमई मागितली. मालक म्हणाले, "बंदी चालू आसा, ताजो मासो खयसून हाडू?" पावसाळ्यात यांत्रिक नौकांना मासेमारीबंदी असते. बर्फातली सुरमई तळून देणं त्यांना सहज जमलं असतं. त्याऐवजी सुक्या बांगड्याची किसमूर (खोबरं घातलेली कोशिंबीर), कुळथाची पिठी आणि उकड्या तांदळाचा भात वाढला. सोलकढी आगळाची, म्हणजे कोकमाच्या दाट रसाची, नारळाचा रस आमच्यासमोर पिळलेला. जिथे 'आज नाही' असं तोंडावर सांगतात, तिथल्या 'आहे'वर माझा विश्वास बसतो. सुरमईची आठवणही झाली नाही.

---

वरच्या सगळ्यांना अनुमोदन. फक्त आधी फोन करा. गणपतीत रस्ता तुंबलेला असतो, म्हणून आम्ही पोलादपूर सोडायच्या आत किती माणसं, वडे-सागोती की शाकाहारी, ते कळवतो. पीठ मळून ठेवतात, पण वडे आपण हातपाय धुतल्यावरच कढईत पडतात. तेवढं थांबायची तयारी हवी. ज्यांना घाई आहे त्यांनी सरळ फूड मॉल गाठावा.

---

चिपळूणच्या आसपास अशी एखादी खाणावळ कुणी सुचवेल का? रविवारी दुपारी परतताना तिथे असू. सोबत सासूबाई आहेत, त्यांना तिखट चालत नाही.