पडद्यावरून प्रवचन: नटाने स्वतःचं तत्त्वज्ञान सिनेमातून सांगावं का?

मंदार_पार्लेकर
दादरला एका खासगी खेळाला गेलो होतो. एका नटाने आपल्या साधनेवर सिनेमा काढलाय. लेखन, निर्मिती, नायक सगळं तोच. साहेबाने झापलं तरी हसतो, लोकल चुकली तरी हसतो आणि दर प्रसंगानंतर कॅमेऱ्यात बघून त्यामागचा 'नियम' सांगतो. बाहेर पडताना हातात शिबिराचा फॉर्म! मग आपण तिकीट काढलं ते नक्की कशाचं? उपदेशच करायचाय तर व्याख्यान ठेवा की. श्रीराम लागू देव मानत नसत, तरी 'देवकीनंदन गोपाला'त (१९७७) त्यांनी गाडगेबाबा उभे केले. स्वतःचं मत मध्ये आणलं नाही.

सुलभा_गोरेगाव
मंदार, उदाहरण तुझ्यावरच उलटतंय. गाडगेबाबा स्वतः काय करत होते? दिवसा गाव झाडायचं, रात्री कीर्तनात समोरच्याला थेट विचारायचं. कीर्तनाच्या पूर्वरंगात निरूपण म्हणजे उपदेश, उत्तररंगात आख्यान म्हणजे गोष्ट, ही तर आपली जुनीच रीत. आणि शेवटी आरतीचं तबक फिरतंच, त्याला कोणी नावं ठेवत नाही.

खडूस_काका
तबकात रुपया टाका नाहीतर टाकू नका. शिबिराची फी आगाऊ असते, ताई. शिवाय कीर्तनकार अभंग तुकोबांचा घेतो, स्वतःचा नाही.

केतकी
२०१५ आठवा. डेरा सच्चा सौदाचा बाबा स्वतःच्याच सिनेमात नायक झाला, त्या वादात सेन्सॉर बोर्डाच्या अध्यक्षा लीला सॅमसन यांनी राजीनामा दिला. २०१७ मध्ये बाबा बलात्काराच्या खटल्यात दोषी ठरला.

सुलभा_गोरेगाव
केतकी, हे अती होतंय. कुठे तो बाबा, कुठे हा बिचारा नट! चार माणसं चिडचिड कमी करायला शिकली तर बिघडलं कुठे?

मंदार_पार्लेकर
बिघडत काही नाही, पण सिनेमा पडतो. प्रभातचा 'संत तुकाराम' (१९३६) मुंबईत एकाच थिएटरात वर्षाहून जास्त चालला. त्यात तुकोबा झालेले विष्णुपंत पागनीस जितके आठवतात तितकीच त्यांची बायको, गौरीची जिजाई आठवते. घरात दाणा नाही आणि नवरा टाळ कुटतोय, म्हणून ती वहाण घेऊन थेट विठोबावर धावून जाते. तिचं म्हणणं खोटं आहे असं दिग्दर्शक दामले-फत्तेलाल एकदाही म्हणत नाहीत. म्हणून तुकोबांची शांती खरी वाटते. या सिनेमात नायकाला उलट बोलणारं कुणीच नाही. बायको तर फक्त चहा आणून देते.

सुलभा_गोरेगाव
चहाचं मान्य. पण म्हणून त्याने सांगूच नये, हे नाही पटत. पुढच्या वेळी जिजाई घाल म्हणावं.

बोरिवली_स्लो
माझ्या घरी आहे. तिला ट्रेलर दाखवला तर म्हणाली, "ह्याला सकाळी साडेपाचला उठून तीन डबे भरायला लाव, मग विचार मनःशांती."