फुकट ते पौष्टिक? ट्रेन सिम्युलेटरच्या मोफत ॲड-ऑनचे तुमचे अनुभव सांगा

काल रात्री साडेनऊला एक मोफत रूट (गाडी चालवायचा मार्ग, आजूबाजूच्या देखाव्यासकट) उतरवला. तो बसवेपर्यंत एक वाजला. मग जेमतेम वीस मिनिटं गाडी चालवली, आणि त्यातली शेवटची पाच मिनिटं गाडी हवेतून चालली. अगदी खरोखर हवेतून. स्टेशन होतं, सिग्नल होते, नदी होती, पूलही होता. पुलावर रूळ मात्र नव्हते आणि माझी चाळीस डब्यांची मालगाडी काहीच घडलं नसल्यासारखी डुलत पलीकडे गेली. गेम ओपन रेल्स, म्हणजे जुन्या मायक्रोसॉफ्ट ट्रेन सिम्युलेटरचे रूट चालवणारा गेम; रूट त्याच जमान्यातला.

तेव्हा वाटलं, आपल्यातल्या प्रत्येकाकडे अशी एखादी रात्र असणार. म्हणून हा धागा. मोफत इंजिन, डबे, रूट, आवाज, रंगसंगती, काहीही चालेल. कुठे शोधलंत, कसं बसवलंत, काय बिघडलं, कसं सुटलं, सगळं लिहा. गेम कोणता ते आवर्जून सांगा, कारण एकाचं औषध दुसऱ्याला चालत नाही. विकतची ॲड-ऑन चोरून कुठे मिळतात ते मात्र इथे नको.

आणि हो, माझ्या रुळांचं काय झालं असेल?

जुना सांधेवाला

रुळांचं नंतर सांगतो, आधी माझी फजिती.

मायक्रोसॉफ्टचा गेम २००१ चा. त्यात सहा रूट आयते यायचे: मारियास पास, नॉर्थईस्ट कॉरिडॉर, सेटल-कार्लाइल, इन्सब्रुक ते सांक्ट आंटोन आणि जपानचे दोन. मी पहिला मोफत रूट उतरवला तेव्हा इंटरनेट टेलिफोनच्या तारेवरून यायचं. फाइल अख्खी रात्र उतरत होती. सकाळी झिप उघडली, फोल्डर ‘रूट्स’मध्ये टाकला, गेम चालू केला. यादीत रूटचं नाव दिसलं. आनंदाने क्लिक केलं आणि गेम धाडकन बंद.

दोन आठवडे मी रूट बनवणाऱ्याला मनातल्या मनात शिव्या घातल्या. मग कधीतरी त्या फोल्डरमधली ‘इन्स्टॉलमी’ नावाची छोटी बॅट फाइल (एकामागून एक आज्ञा चालवणारी) दिसली. तिचं काम साधं होतं. झाडं, घरं, सिग्नल यातलं बरंचसं सामान त्या सहा मूळ रूटमधलंच वापरलेलं असायचं. ते दुसऱ्याच्या मालकीचं, म्हणून लेखक झिपमध्ये घालून वाटू शकत नसे. शिवाय तेव्हा एकेक मेगाबाइट महत्त्वाचा. म्हणून ही फाइल तुमच्याच मूळ रूटमधून ते सामान उचलून नव्या रूटमध्ये टाकायची.

चालवली. काळी खिडकी लुकलुकली आणि बंद झाली. फरक शून्य! शेवटी कमांड प्रॉम्प्ट उघडून त्यातून चालवली, तेव्हा ओळीमागून ओळ दिसली: फाइल सापडत नाही. झिप उघडताना मी फोल्डरच्या आत त्याच नावाचा दुसरा फोल्डर करून ठेवला होता. बॅट फाइल बिचारी एक पायरी वर जाऊन शेजारी बघायची, आणि शेजारी कुणीच नसायचं. आजही कुणाचा रूट चालत नसेल तर मी पहिला प्रश्न हाच विचारतो: फोल्डरात फोल्डर झालाय का? दहातल्या निम्म्या वेळा उत्तर हेच निघतं.

पिवळा दिवा

गेम प्रोग्राम फाइल्समध्ये टाकू नका. विंडोज व्हिस्टापासून तिथे लिहायला परवानगी लागते. जुन्या इन्स्टॉलरला ती नसली की विंडोज त्या फाइली गुपचूप व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या फोल्डरात ठेवतं. इन्स्टॉलर म्हणतो झालं, तुम्ही बघता तर काही नाही. सरळ ड्राइव्हच्या मुळाशी वेगळा फोल्डर करा.

लूपलाइन

माझं दुःख इंजिनाचं. ओपन रेल्स मोफत, मुक्त स्रोत, आणि रूट स्वयंपूर्ण असेल तर जुना गेम संगणकावर नसला तरी चालतं, हे वाचून मी खूश होऊन फक्त तेवढंच बसवलं. एक सुंदर डिझेल इंजिन उतरवलं. बाहेरून बघितलं तर देखणं. आत ड्रायव्हरच्या जागी जायला आकडा १ दाबला तर काही होईना. आवाजही नाही. मुकं इंजिन, आणि आत बसायला जागाच नाही.

मग इंजिनाची सगळी माहिती असते ती ‘ईएनजी’ फाइल उघडली. त्यात केबिनच्या नावासमोर लिहिलं होतं: दोन पायऱ्या वर जा, जीपी३८ च्या फोल्डरात शिर, तिथली केबिन घे. आवाजाचंही तेच. जीपी३८ म्हणजे मूळ गेमबरोबर येणारं इंजिन. ते माझ्याकडे असणार कुठून? मोफत इंजिन बनवणारे सर्रास असं करायचे, कारण मूळ गेम प्रत्येकाकडे आहेच हे गृहीत होतं.

शेवटी एक मोफत केबिन वेगळी शोधली, इंजिनाच्या फोल्डरात टाकली आणि त्या ओळीत तिचं नाव घातलं. ॲक्सिलरेटरच्या खुणा थोड्या चुकतात, पण खिडकीतून रूळ दिसतात.

एक सावधगिरी. त्या फाइली युनिकोड नावाच्या अक्षरपद्धतीत साठवलेल्या असतात. मी एकदा जुन्या गेमसाठी अशीच फाइल साध्या एडिटरमध्ये बदलली, त्याने ती ॲन्सी या वेगळ्या अक्षरपद्धतीत साठवली आणि गेमने ते इंजिन ओळखायलाच नकार दिला. एक अक्षर चुकलेलं नव्हतं, तरी तासभर मी कंस मोजत बसलो होतो.

वाचनमात्र

पहिल्यांदाच लिहितेय. माझा किस्सा दोन ओळींचा. मायक्रोसॉफ्टच्या त्या गेममधल्या ॲक्टिव्हिटीच्या (ठरवून दिलेल्या कामगिरीच्या) पॅकेजचं एक्स्टेन्शन ‘एपीके’ असतं. मी म्हटलं, अरे वा, मोबाइलवरही चालतो! फोनवर टाकलं. फोन म्हणाला पॅकेज वाचता येत नाही. मी तीन वेगवेगळ्या फोनवर प्रयत्न केला, त्यातला एक नवऱ्याचा. :)

जुना सांधेवाला

@वाचनमात्र, गेम अँड्रॉइडच्या आधीचा. एपीकेवर पहिला हक्क आपला आहे हो!

शंटिंग

मी ट्रेन्झ या दुसऱ्या गेमवाला. आमच्याकडे प्रत्येक वस्तूला क्रमांक असतो, त्याला केयूआयडी म्हणतात. आधी बनवणाऱ्याचा क्रमांक, मग वस्तूचा. झाड, खांब, चाक, इंजिनाचा आवाज, धूर, सगळ्यांना. गेमच्या डाउनलोड स्टेशन या ऑनलाइन साठ्यावर हजारो वस्तू मोफत आहेत. पैसे न भरणाऱ्याला तिथे उतरवण्यावर मर्यादा असते, पण धीर असेल तर चालतं.

गंमत अशी की मी एक वाफेचं इंजिन मागितलं. वस्तू सांभाळणारा प्रोग्रॅम, कंटेंट मॅनेजर, म्हणाला, याला चौदा गोष्टी लागतात, त्यातल्या सहा नाहीत. त्या सहा आणल्या. त्यांना आणखी अकरा लागत होत्या. लग्नाला एकाला बोलवावं आणि तो सोयऱ्यांसकट यावा तसं. रात्री बारापर्यंत सगळे जमले, एक सोडून. तो एक म्हणजे ड्रायव्हरच्या हातातला कंदील की काय होतं. त्याच्यासाठी मी दोन दिवस शोध घेतला.

नंतर एका अनुभवी माणसाने सांगितलं तेव्हा डोक्यात प्रकाश पडला. केयूआयडीतला पहिला आकडा उणे असेल तर तो माल गेम बनवणाऱ्यांचाच असतो. तो गेमच्या कुठल्यातरी आवृत्तीबरोबर आलेला असणार, तेव्हा दुसरीकडे शोधण्यात अर्थ नाही. माझा कंदील उणे होता. दोन दिवस गेले ते गेलेच. इंजिन कंदिलाशिवाय छान चालतं.

आणि गेमची आवृत्ती बदलली की जुन्या वस्तूंवर लाल खूण दिसते. घाबरून काढून टाकू नका. नवी आवृत्ती तपासणीला जास्त कडक असते, एवढंच. बऱ्याचदा कॉन्फिग फाइलमधली एखादी ओळ सुधारली की काम होतं.

अर्धवट सिग्नल

मी दुसऱ्या बाजूचा माणूस. मी डब्यांच्या रंगसंगती बनवतो आणि मोफत देतो. धाग्यात ‘लेखकाला शिव्या घातल्या’ वाचून हसलो, कारण त्या पोचतात!

एका डब्याला माझे दोन-तीन महिने जातात. फोटो जमवायचे, गंजाचा रंग जुळवायचा, अक्षरांची जाडी मोजायची. मग बरोबर रीडमी लिहायची: कुठला मूळ डबा लागतो, कुठल्या फोल्डरात टाकायचा, काय चालत नाही. लोक थेट झिप उघडतात आणि मला निरोप पाठवतात, ‘दादा, चालत नाही.’ मी विचारतो रीडमी वाचलीत का. मग शांतता.

त्याहून वाईट म्हणजे महापॅक. कुणीतरी शंभर जणांचं काम एकत्र करून स्वतःच्या नावाने चढवतं. माझा डबा त्यात होता, तोही पहिल्या आवृत्तीचा, ज्यात चाकं अर्धी जमिनीत जायची. ती चूक मी केव्हाच सुधारली होती. रीडमी त्यांनी काढून टाकलेली. तक्रारी मात्र माझ्याकडे, कारण डब्याच्या कोपऱ्यात माझी बारीक सही आहे. मोफत म्हणजे बेवारस नव्हे. बहुतेकांच्या रीडमीत लिहिलेलं असतं: वापरा, बदला, पण विचारल्याशिवाय दुसरीकडे चढवू नका. महापॅक दिसला की मूळ लेखकाचं पान शोधा. सुधारलेली आवृत्ती तिथेच असते.

रात्रीची मालगाडी

महापॅकवरून आठवलं. एका पानावर ‘पूर्ण रूट, मोफत’ म्हणून भलंमोठं हिरवं बटण. दाबल्यावर दोन मेगाबाइटची इन्स्टॉलर फाइल आली. चित्रांसकट अख्खा रूट दोन मेगाबाइटमध्ये? तिथेच थांबायला हवं होतं. थांबलो नाही. पुढचा शनिवार-रविवार संगणक पुसून नव्याने बसवण्यात गेला.

तसे जुने खरे रूटही एक्झी (थेट चालणाऱ्या) फाइलमध्ये येतात, आणि अँटीव्हायरस त्यांच्यावरही उगाच भुंकतो. मी आता अशी फाइल चालवण्याआधी सेव्हन-झिपने उघडून बघतो. ती नुसती स्वतः उलगडणारी झिप असेल तर आतल्या फाइली दिसतात, मग चालवायची गरजच नाही. दिसल्या नाहीत तर सोडून देतो.

कोळसेवाला

शोधण्याबद्दल कुणीच लिहीत नाहीये. इंजिनाच्या नावाने शोधू नका, झिपच्या नावाने शोधा. गाडीचं नाव टाकलं तर खऱ्या गाडीचे फोटो येतात. झिपचं नाव विचित्र असतं, त्यामुळे सापडलं तर तेच सापडतं. ते नाव बहुधा दुसऱ्याच कुठल्या रूटच्या रीडमीत ‘हे लागेल’ या यादीत मिळतं.

लिंक मेलेली असेल तर जुनी वेबपानं जपून ठेवणाऱ्या वेबॅक मशीनमध्ये बघा. पान मिळेल, फाइल मिळेलच असं नाही. लॉगिनच्या मागच्या फाइली तिथे सहसा नसतात. पण पानावर लेखकाने नवीन पत्ता दिलेला असू शकतो. मला दोनदा असाच माग लागला.

आणि उतरवलेली मूळ झिप कधीही पुसू नका. माझ्याकडे एका बोगद्याच्या तोंडाची झिप आहे, जी आता कुठेच मिळत नाही. एवढासा बोगदा, पण त्याच्यासाठी मला परदेशातून निरोप येतात.

पिवळा दिवा

ट्रेन सिम वर्ल्डवाल्यांचं सोपं असतं. ॲड-ऑनची पाक फाइल गेमच्या डीएलसी फोल्डरात टाका, नको झाली तर पुसा. कन्सोलवर मात्र हे जमत नाही, तिथे गेममधल्या क्रिएटर्स क्लबवर (खेळाडूंनी बनवलेल्या गोष्टी वाटायची जागा) समाधान मानायचं.

फलाट क्रमांक शून्य

ट्रेन सिम्युलेटर क्लासिक. इथे ‘मोफत’ शब्द नीट वाचायचा. मी मोफत रंगसंगती उतरवली, आरडब्ल्यूपी फाइल होती, गेमच्या फोल्डरातल्या युटिलिटीज प्रोग्रॅमने दोन मिनिटांत बसली. सिनॅरिओ, म्हणजे गेममधली ठरवून दिलेली फेरी, सुरू केला तर इंजिन अदृश्य. रंग मोफत होता, ज्या इंजिनाला लावायचा ते विकतचं! भिंतच नाही आणि मी रंगाचा डबा घेऊन उभा.

पुढे ते इंजिन घेतलं, तरी दिसेना. त्याच्या फाइली एका ‘एपी’ पुडक्यात बांधलेल्या. ते पुडकं खरं तर झिपच असतं, सेव्हन-झिपने उघडतं. त्यातला आकार (इंजिनाच्या सांगाड्याची फाइल) काढून रंगसंगतीच्या फोल्डरात ठेवला, गेमने साठवलेली जुनी माहिती (कॅशे) साफ केली, तेव्हा कुठे इंजिन प्रकट झालं. महिन्याभराने गेममध्ये काहीतरी बिघडलं म्हणून स्टीमकडून फाइलींची पडताळणी करून घेतली. मी मूळ फाइलींत केलेले बदल तिने इमानेइतबारे पुसून टाकले. आता बदललेल्या प्रत्येक फाइलीची प्रत वेगळ्या ड्राइव्हवर असते.

लोकल जलद

माझा गेम ओपनबीव्हीई. जपानी रूट उतरवला, झिप उघडली, फाइलींची नावं म्हणजे चौकोन आणि प्रश्नचिन्हं. रूट फाइलीत नाव जपानीत लिहिलेलं, डिस्कवर भलतंच, त्यामुळे गेमला एकही वस्तू सापडेना. रिकाम्या काळ्या जगात गाडी उभी. झिपमधली नावं शिफ्ट-जिस या जपानी अक्षरपद्धतीत होती. झिप उघडतानाच कोडपेज ९३२ (त्या पद्धतीचा क्रमांक) सांगितलं की नावं नीट येतात. जपानी एक अक्षर येत नाही, पण ९३२ आता पाठ आहे.

जुना सांधेवाला

हं, तर हवेतली मालगाडी. गाडी चालते म्हणजे मार्गाची आखणी गेमला कळली आहे. रूळ दिसत नाहीत म्हणजे त्या तुकड्यांचे आकार सगळ्या रूटना सामाईक असलेल्या ‘ग्लोबल’मधल्या ‘शेप्स’ फोल्डरात नाहीत. तुझ्या रूटमध्ये एक्सट्रॅक्स नावाचे जादा रूळ वापरलेले असणार, पुलावरचे तर हमखास. ते मोफत मिळतात. आकार आणि ग्लोबलची टीसेक्शन फाइल (रुळांच्या तुकड्यांची यादी), दोन्ही एकाच संचातून टाक. आणि नीट ऐक: रूटच्या फोल्डरातही टीसेक्शन नावाचीच एक फाइल असते. ती वेगळी, तिच्यात त्या रूटचे हाताने वाकवलेले रूळ असतात. तिच्यावर ही चिकटवू नकोस. मी चिकटवली होती.

धागाकर्ता

सगळ्यांचे आभार. @जुना सांधेवाला, दोन्ही टाकलं, ग्लोबलमध्येच. रूटमधली टीसेक्शन फाइल उघडूनसुद्धा बघितली नाही.

पुलावर रूळ आले. मालगाडी खडखडत पलीकडे गेली आणि पुढच्या वळणावर रुळांच्या मधोमध एक झाड उभं होतं. ब्रेक लावायला वेळ नव्हता, गाडी त्यातून आरपार गेली. परत इथे विचारायला येणार होतो, पण आधी रीडमी उघडली. बाराव्या ओळीत आहे ते झाड.