डोक्यावर ताजं हेअर ट्रान्सप्लांट आणि आई-बाबा रंगपंचमीला इंदूरला येतायत!!

सुदामानगरी: गेल्या आठवड्यात गुपचूप करून घेतलं, घरी सांगितलंय ऑफिसच्या कामाने बाहेर होतो. आता पूर्ण डोकं भादरलेलं, पुढे सगळ्या लाल खपल्या, आणि परवा आई-बाबा ग्वाल्हेरहून येतायत, बाबांना राजवाड्यावर गेर (रंगपंचमीची रंग उडवत निघणारी मिरवणूक) बघायचीय. आई तर दारातच किंचाळेल, आम्ही दोघं जिवंत असताना गोटा का केलास म्हणून. तिरुपतीला जाऊन आलो म्हणू का? की टोपी घालू? आणि मी गेरला जाऊ शकतो का?

छप्पन_दुकान: तिरुपती म्हणालास की आई पहिलं लाडू मागेल, मग काय करशील भिया 😂

नाना_रामबाग: शिवाय तिरुपतीला केस देतात, खपल्या घेऊन येत नाहीत. मागे मानेच्या वर जिथून केस काढतात ना तिथे बारीक बारीक ठिपके असतात, ते आईला पहिले दिसणार, कारण ती तेल चोळायला घेणारच. ते मात्र अजिबात करू देऊ नकोस. खपल्या साधारण १०-१४ दिवसांत आपोआप पडतात, खाजवायच्या नाहीत. टोपी कधी आणि कसली ते डॉक्टरला विचार, घट्ट टोपी आत्ता नकोच. आणि गेरचं नाव काढू नको. टँकरमधून पाणी, मशीनने चार-चार मजले गुलाल उडतो, वर ऊन, डोक्याची वाट लागेल. बाबांना एखाद्या ओळखीच्यांच्या गच्चीवर बसव, तू घरी थांब.

मीनल_ताई: टोपी घरात किती वेळ घालशील? जेवताना बाबा काढायलाच लावतील. आणि पुढचंही ऐकून ठेव, महिनाभरात लावलेले केस बहुतेक गळतात, मुळं आतच असतात, ३-४ महिन्यांनी परत यायला लागतात, नीट दिसायला वर्ष लागतं. म्हणजे एवढे दिवस थापा मारणार का? माझ्या भावाने केलं तेव्हा मावशीला वाटलं काही मोठा आजार लपवतोय, रडारड झाली. त्यापेक्षा आधी बाबांना फोन कर, आईला ते सांभाळतील.

सुदामानगरी: केला फोन. बाबा फक्त म्हणाले, किती लागले? मी अर्धेच सांगितले. आईला ते गाडीत सांगणारेत.

छप्पन_दुकान: अर्धे ऐकून स्वतःचं पण करायचं म्हणाले तर? 😂