माळवदात सर्व्हर ठेवायचाय: डिस्का कशा लावाव्या, अंगणातून वायर कशी न्यावी?

उदगीर_फोटोवाला:

नमस्कार मंडळी. उदगीरजवळच्या गावात राहतो, लग्नाचं फोटो-व्हिडिओचं काम आहे. रस्त्याकडंला नवं स्लॅबचं घर, खाली स्टुडिओ. मागं अंगण, अन् अंगणापलीकडं आजोबांच्या काळातलं तीन खणाचं माळवद, म्हणजे मातीच्या सपाट छताचं जुनं घर. सध्या त्यात ज्वारीची पोती अन् जुनं सामान आहे.

आजवरचं सगळं काम पोर्टेबल हार्ड डिस्कवर. प्रत्येकीवर चिकटपट्टी लावून नवरदेवाचं आडनाव अन् तारीख लिहितो. परवा एक ताई आल्या. त्यांचे सासरे वारले. त्यांचा हसरा चेहरा फक्त लेकाच्या लग्नाच्या शूटिंगमधी होता. डिस्क लावली तर नुसता टकटक आवाज. एडिट केलेली फिल्म जुन्या कॉम्प्युटरवर सापडली म्हणून त्यांना फोटो काढून देता आला. तवापासून झोप लागंना.

आता घरचाच सर्व्हर बांधायलोय. चौथ्या पिढीचा आय-फाइव्ह डेस्कटॉप आहे, १६ जीबी रॅम, वर ट्रूनास (फायली साठवणाऱ्या सर्व्हरची सिस्टीम) टाकायचं. ८ टीबीच्या चार डिस्का घ्यायच्या. ठेवायचा माळवदात, कारण मे महिन्यात स्टुडिओत दुपारी बसवत नाही अन् माळवद गार राहतं. भिंतीत मोठी देवळी आहे, कॅबिनेट तिच्यात बरोबर बसतं.

दुकानदार म्हणतो रेड ५ (सगळ्या डिस्का मिळून एक, माहिती त्यांच्यावर विभागून) लावा, एक डिस्क गेली तरी काही होत नाही, बॅकअपची गरज नाही. सीसीटीव्हीच्या डिस्का स्वस्तात देतो म्हणतो. वायर म्हणाल तर घर ते माळवद पस्तीसेक मीटर अंतर आहे, काळी आउटडोअर कॅट६ (तांब्याची नेटवर्क वायर) खांबावरून ओढायची असं ठरलंय. लाईटचं तुम्हाला माहीतच आहे. पुण्यात धाकटा भाऊ एडिटिंग करतो, त्याला तिकडून फायली मिळाव्यात ही इच्छा. जाणकारांनी सांगावं.


परभणी_लिनक्स:

दादा, सगळ्यात आधी हे: चार डिस्का एका डब्यात घालू नका. दोन आत, दोन बाहेर.

रेड ५ म्हणजे एक डिस्क मेली तरी काम थांबू नये, एवढीच सोय. चुकून एखादं फोल्डर डिलीट झालं तर ते चारही डिस्कांवरून एकदमच जातं. वीज पडली, पाणी गळलं, व्हायरस आला तरी तेच. शिवाय ८ टीबीची नवी डिस्क भरायला सेकंदाला १८० एमबीचा वेग अखंड मिळाला तरी बारा तास लागतात, प्रत्यक्षात जास्तच. तेवढा वेळ उरलेल्या तिन्ही डिस्का सतत राबत असतात आणि त्यातली एक गेली की सगळंच गेलं. बारा तास सलग लाईट राहील याची खात्री तुम्हीच द्या.

तेव्हा आत दोन डिस्का, झेडएफएसचा (ट्रूनासची फायली साठवायची पद्धत) मिरर, म्हणजे दोन्हींवर तीच माहिती. झेडएफएस प्रत्येक ब्लॉकचा चेकसम (पडताळणीचा आकडा) ठेवतं. एका डिस्कवरचा फोटो आतल्या आत बिघडला तर ते त्याला कळतं आणि दुसरीवरच्या चांगल्या प्रतीवरून ते दुरुस्त करतं. महिन्यातून एकदा स्क्रब लावा, म्हणजे न उघडलेल्या फायलीही तपासल्या जातात. उरलेल्या दोन डिस्का बॅकअपला: एक स्टुडिओत, एक दुसऱ्या गावात, आणि आलटून-पालटून बदलायच्या.

डिस्क घेताना मॉडेल नंबरवरून ती सीएमआर (ट्रॅक शेजारी-शेजारी असलेली) आहे का हे बघा. एसएमआरमध्ये ट्रॅक कौलांसारखे एकावर एक चढवलेले असतात, त्यामुळं मधलं काही बदलायचं तर शेजारचंही परत लिहावं लागतं, आणि मिरर परत भरताना ती डिस्क रडवते. २०२० मध्ये वेस्टर्न डिजिटलच्या रेड मालिकेतल्या २ ते ६ टीबीच्या काही डिस्का न सांगता एसएमआर दिल्याचं उघड झालं होतं. आता सीएमआर हवी तर त्यांची रेड प्लस किंवा सीगेटची आयर्नवुल्फ बघतात. सीसीटीव्हीची डिस्क चालतच नाही असं नाही, पण ती दिवसरात्र लिहीत राहण्यासाठी घडवलेली असते. किमतीत फरक थोडा असेल तर नासची (घरच्या सर्व्हरसाठी बनवलेली) घ्या.

आता माळवद. जागा उत्तम निवडली. परभणीत माझी खोली स्लॅबखाली आहे. मे महिन्यात खोली ४२ अंशांवर गेली की डिस्क ५५ दाखवते. कंपनीचा कागद ६०-६५ पर्यंत चालेल म्हणतो, पण मी ४५ च्या वर गेलं की अस्वस्थ होतो. तुमच्या जाड भिंतींनी तो प्रश्न निम्मा सुटला.

पण देवळी नको. ती पाच बाजूंनी बंद, पंख्यानं बाहेर टाकलेली गरम हवा परत आतच ओढली जाते. भिंतीपासून हातभर लांब लोखंडी रॅक ठेवा, पायाखाली विटा, म्हणजे ओल आणि वाळवी दूर राहते. वरून माती गळतेच, म्हणून रॅकच्या वर तिरपा पत्रा बांधा. प्लास्टिकचा कागद कॅबिनेटवर टाकू नका, हवा कोंडते. हवा आत घेणारे पंखे बाहेर टाकणाऱ्यांपेक्षा जास्त ठेवा आणि त्यांच्यासमोर स्पंजची जाळी लावा. मग आतला दाब किंचित जास्त राहतो आणि धूळ फटीफटींतून शिरत नाही. मृग लागायच्या आधी माळवदावर पांढरी माती टाकून घ्यायला विसरू नका.

आणि ज्वारी तिथून हलवाच. उंदीर वायरी कुरतडतात हे एक. त्याहून मोठं कारण म्हणजे पोत्यांत ठेवायच्या गोळ्या. त्या ॲल्युमिनियम फॉस्फाइडच्या असतात, दमट हवेत त्यांतून फॉस्फिन वायू सुटतो. तो माणसाचा जीव घेतो हे सगळ्यांना ठाऊक आहे, पण तो तांबंही खातो. सर्किट बोर्ड, रॅमचे पाय, साटाचे (डिस्कच्या वायरीचे) कनेक्टर काळे पडतात आणि मग कशामुळं काय बंद पडलं ते शोधत बसावं लागतं. धान्य आणि सर्व्हर एका छताखाली नको.

लाईटसाठी: इन्व्हर्टर असला तरी सर्व्हरला वेगळा लाइन-इंटरॅक्टिव्ह यूपीएस घ्या, यूएसबी पोर्टवाला. संध्याकाळी मोटारी चालू झाल्या की व्होल्टेज पडतं, ते तो सावरतो. यूएसबीची वायर सर्व्हरला जोडा, ट्रूनासमध्ये यूपीएसची सेवा आधीपासूनच आहे. लाईट जाऊन दोन मिनिटं झाली की बंद व्हायला सांगा. बॅटरी संपेपर्यंत ताणू नका, कारण लाईट येते-जाते-येते, तेव्हा दुसऱ्या वेळेला बॅटरीत काही उरलेलं नसतं.


नांदेड_नेटवर्क:

मी एका कॉलेजचं नेटवर्क बघते. डिस्कांबद्दल वर नीट लिहिलंय, मी फक्त वायरीचं बोलते.

अंगणातून तांब्याची वायर ओढू नका. काळी असो, आउटडोअर असो, कितीही महाग असो. आपल्याकडं वळवाच्या पावसात विजा किती पडतात हे सांगायला नको. वीज घरावरच पडावी लागते असं नाही. जवळच्या बाभळीवर पडली तरी पस्तीस मीटरच्या वायरीत झटका तयार होतो. शिवाय नव्या घराचं अर्थिंग वेगळं, माळवदाचं वेगळं, किंवा नसेलही. वीज पडते त्या क्षणी दोन्हींच्या जमिनीत हजारो व्होल्टचा फरक पडू शकतो आणि त्याला वाट मिळते ती तुमच्या वायरीतून. नेटवर्क पोर्टच्या आतलं इन्सुलेशन १५०० व्होल्टच्या हिशोबानं केलेलं असतं, तिथं त्याचा टिकाव लागत नाही. एका वळवात आमच्या आवारातल्या दोन इमारतींमधल्या वायरीच्या दोन्ही टोकांचे स्विच जळाले. मधल्या वायरीला काही झालं नव्हतं.

फायबर टाका. काचेतून वीज जात नाही. गावात ज्याचं इंटरनेट आहे त्याच्याच पोराकडं स्प्लायसिंग मशीन (फायबरचे धागे जोडायचं) असतं, ड्रॉप केबलचा (खांबावरून घरात येणाऱ्या फायबरचा) तुकडा आणि दोन्ही टोकं तो बसवून देईल. दोन गोष्टी मात्र डोळ्यांनी बघा. पहिली, ड्रॉप केबलला ताण सोसायला पोलादी तार असते. ती घरात न्यायची नाही, बाहेर खांबालाच बांधून छाटायची. नाहीतर फायबर टाकून उपयोग काय, वीज त्या तारेवरून आत येईल. आतल्या काड्याही पोलादी नको, एफआरपीच्या (काचतंतू घातलेल्या प्लास्टिकच्या) असलेली केबल मागा. दुसरी, एका धाग्यावर चालणारे मीडिया कन्व्हर्टर (फायबर आणि नेटवर्क वायर जोडणारे डबे) जोडीनं येतात, ए आणि बी. एक १३१० नॅनोमीटरवर पाठवतो, दुसरा १५५० वर. दोन ए आणले तर दिवा लागणार नाही.

घराच्या आत कॅट६ वापरा, पण अस्सल तांब्याची. बऱ्याच स्वस्त वायरी ॲल्युमिनियमवर तांब्याचा मुलामा दिलेल्या असतात. ब्लेडनं तार खरवडा, आत पांढरी दिसली तर परत करा. ३०५ मीटरचं खोकं उचलून बघितलं तरी कळतं, तांब्याचं जड असतं.

वेग म्हणाल तर गिगाबिट पुरतं. १०० मेगाबिटनं शूट केलेलं ४के तासाला ४५ जीबी होतं. गिगाबिटवर सेकंदाला ११० एमबी धरले तर ते सात मिनिटांत जातं. ४०० जीबीचं लग्न तासाभरात. एडिट एसएसडीवरच करा, काम झालं की सर्व्हरवर टाका.

भावाचं: आधी राउटरच्या पानावर वॅनचा (बाहेरच्या इंटरनेटच्या बाजूचा) पत्ता बघा. १००.६४ ते १००.१२७ मधला असेल तर तुम्ही सीजीनॅटच्या (अनेक ग्राहकांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता) मागं आहात. बाहेरून थेट येताच येणार नाही, पोर्ट फॉरवर्ड करूनही नाही. सार्वजनिक पत्ता मिळाला तरी ट्रूनासचं पान इंटरनेटवर उघडं ठेवू नका. २०२२ मध्ये डेडबोल्ट नावाच्या खंडणीखोरानं इंटरनेटवर उघडे असलेले क्यूनॅप कंपनीचे हजारो नास कुलूपबंद केले होते. टेलस्केल (दोन ठिकाणं खासगीपणे जोडणारं ॲप) दोन्हीकडं टाका, ते वायरगार्ड या एन्क्रिप्टेड जोडणीवर चालतं आणि सीजीनॅटमधूनही वाट काढतं. पण ४०० जीबी पुण्याला पाठवायचे तर १०० मेगाबिटच्या अपलोडवर नऊ तास लागतील. भावाला प्रॉक्सी फायली (मूळ व्हिडिओच्या हलक्या प्रती) द्या, त्यावर त्यानं कट लावावेत, शेवटचा रेंडर तुमच्याकडं.


औसा_जुना_रेडिओ:

मी रिटायर माणूस, सर्व्हरचं मला फार कळत नाही. पण परभणीच्या भावानं 'एक डिस्क दुसऱ्या गावात' म्हणलंय, ते वाचून राहवलं नाही.

आमची मावशी किल्लारीला दिलेली. गणपती विसर्जनाच्या रात्री, ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंप झाला. दगड-मातीच्या जाड भिंती, वर माळवदाचं ओझं. घर बसलं. मावशी अन् काका गेले. नंतर ढिगाऱ्यातून भांडी निघाली, दागिना निघाला, फोटोचा अल्बम मात्र चिखल होऊन निघाला. आज मावशीचा एकच फोटो आमच्या सगळ्या नातलगांत आहे. तो तिनं सोलापूरला नणंदेला पाठवला होता म्हणून राहिला.

तुम्ही ज्यांची लग्नं शूट करता, त्यांच्या घरी बी असंच आहे. दुसरी प्रत गावाबाहेर पाहिजे. अन् माळवदाची तुळई, खांब एकदा सुताराला दाखवून घ्या.


जालना_स्टुडिओ:

सगळं रॉ (न कापलेलं मूळ) फुटेज कायम ठेवायचं म्हणाल तर ८ टीबीत वीस लग्नं बसतात, एका सीझनला पुरणार नाही. आम्ही असं ठरवलंय: डिलिव्हरी आणि पेमेंट झाल्यावर सहा महिने रॉ ठेवतो. नंतर फोटो सगळे, फिल्म पूर्ण, आणि अख्ख्या लग्नाची एक सलग प्रत एच.२६५ या जास्त दाबणाऱ्या व्हिडिओ प्रकारात २० मेगाबिटला काढतो. तासाला ९ जीबी होते. कोणाचा चेहरा शोधायचा तर त्यातून स्वच्छ निघतो. हे ऑर्डर घेतानाच पावतीवर छापा, म्हणजे रॉ मागायला तीन वर्षांनी कोणी आलं तर वाद होत नाही. आणि हळद, पंगत, म्हाताऱ्या माणसांचे शॉट कापू नका. पुढं लोक तेच मागायला येतात.


उदगीर_फोटोवाला:

सगळ्यांचे आभार. काका, तुमचं वाचून आईला दाखवलं, तिचे डोळे भरले. सुताराला सांगितलंय. ज्वारी नव्या घरात हलवायलोय, फायबरसाठी केबलवाल्याशी बोललो, उद्या येतो म्हणाला.

एक डिस्क लातूरला बहिणीकडं ठेवीन. पण लोकांच्या घरच्या बायाबापड्यांचं शूटिंग आहे. डिस्क कोणाच्या हाती लागली तर? अन् ती टकटक करणारी डिस्क, तिचं काय करावं?


परभणी_लिनक्स:

बहिणीकडं जाणारी डिस्क एन्क्रिप्ट (पासफ्रेजशिवाय वाचता येणार नाही अशी) करा. झेडएफएसमध्येच सोय आहे, डेटासेट (झेडएफएसमधला मोठा फोल्डर) बनवतानाच ती निवडावी लागते, आधीच्या डेटासेटला नंतर लावता येत नाही. पासफ्रेज कागदावर लिहून एक प्रत आईच्या कागदपत्रांत, एक पुण्याच्या भावाकडं. डिस्क असते तिथं नको. डिस्क बदलायला लातूरला गेलात की तिथंच लॅपटॉपला जोडून कोणतीही दोन-तीन लग्नं उघडून चालवून बघा. लॅपटॉपवर लिनक्स असू द्या, विंडोजला ही डिस्क वाचता येत नाही.

टकटक करणारी डिस्क परत जोडू नका. प्रत्येक वेळी हेड प्लेटवर घासण्याचा धोका असतो. तिच्यावर दुसरीकडं नसलेलं एखादं लग्न असेल तर ती जशी आहे तशी रिकव्हरीवाल्याकडं द्या. बाकी ज्या डिस्का अजून नीट चालतात, त्यांतल्या सगळ्यात जुन्या आधी सर्व्हरवर उतरवा. कॉपी करताना एखादी अडखळली तर तिथंच थांबा आणि डीडीरेस्क्यू हे साधन वापरा. ते आधी सोपे भाग काढून घेतं आणि खराब जागा शेवटाला ठेवतं. स्मार्ट रिपोर्टमध्ये (डिस्क स्वतःच्या तब्येतीचा देते तो) १९७ नंबरचा, म्हणजे वाचता न येणाऱ्या जागांचा, आकडा शून्याच्या वर दिसला तर ती डिस्क रांगेत सगळ्यात पुढं घ्या. फक्त १९९ (वायरीतल्या चुकांचा आकडा) वाढत असेल तर डिस्क बहुधा ठीक असते, आधी केबल बदलून बघा.